पाणी ओढलं जात नाही, पाणी सुटतं

मागच्या मे महिन्यात सासूबाईंनी छुंद्याचा घाट घातला. खंडेराव मार्केटमधून राजापुरी कैऱ्या आणल्या, चांगल्या टणक बघून, आणि माझी भाची सुट्टीला बडोद्याला आलेली, तिला किसणी देऊन बसवलं. किलोभर किसाला सव्वा किलो साखर, थोडं मीठ, हळद. बस्स. पाण्याचा थेंब नाही, उलट पातेलं, डाव, हात सगळं कोरडं आहे ना हे सासूबाई दोनदा बघतात. वरून मलमलचं फडकं बांधून पातेलं बाजूला ठेवलं आणि दोन-तीन तासांनी फडकं सोडलं तर कीस रसात तरंगतोय.

भाची अकरावी सायन्सला आहे. तिने विचारलं, "मावशी, यात पाणी कुणी घातलं?"

सासूबाई म्हणाल्या, "कुणी कशाला घालायला पाहिजे, कैरीला पाणी सुटतं."

आणि मी, जी गेली पंधरा वर्षं अकरावी-बारावीच्या मुलांना बायोलॉजी शिकवते, मी म्हणाले, "साखरेने ओढून घेतलं."

रात्री पडल्या पडल्या हे डोक्यात घोळत राहिलं, कारण सासूबाईंचं वाक्य जास्त बरोबर होतं. साखर काही ओढत नाही. मीठही ओढत नाही. पेशीच्या आत-बाहेर जे काही आपोआप जातं-येतं त्यात ओढणारा कुणी नसतोच, आणि हे एकदा नीट डोक्यात बसलं की पुस्तकातले ते दोन-तीन धडे जे मुलं नुसते पाठ करतात ना, ते सगळे एकाच गोष्टीचे तुकडे आहेत हे दिसायला लागतं. म्हणून हे सविस्तर लिहितेय. माझ्या विद्यार्थ्यांसाठी, आणि खरं सांगायचं तर बाबांच्या डायलिसिसला त्यांच्या शेजारी जे तास बसले त्या तासांमुळेही. तिथे हे सगळं रोज डोळ्यासमोर चालू असतं.

आधी सगळ्यात मूळची गोष्ट. पदार्थाचे कण कधीच स्वस्थ बसत नाहीत. श्रीखंडासाठी आपण कोमट दुधाच्या वाटीत केशराच्या चार काड्या टाकतो, ढवळत नाही, तरी काडीभोवती आधी पिवळा ढग दिसतो, मग तो पसरत पसरत दूध एकसारखं केशरी होतं. दूध गरम असेल तर लवकर, गार असेल तर वेळ लागतो. रंगाच्या कणांना कुणी सांगितलेलं नसतं की जा बाबांनो पलीकडे जागा आहे. दुधातल्या पाण्याचे कण त्यांना सगळीकडून धक्के मारत असतात आणि ते कुठेही ढकलले जातात, डावीकडे, उजवीकडे, परत मागे. रॉबर्ट ब्राउन नावाच्या वनस्पतीशास्त्रज्ञाने 1827 साली मायक्रोस्कोपखाली परागकणांमधले बारीक कण पाण्यात असे सतत थरथरताना पाहिले होते, आणि ही थरथर पाण्याच्या अदृश्य रेणूंच्या धक्क्यांमुळे आहे हा हिशोब आइन्स्टाइनने 1905 मध्ये मांडला. मधे जवळजवळ 80 वर्षं गेली.

आता प्रश्न असा की प्रत्येक कण जर कुठेही जातोय तर एकूण रंग मात्र दाटीकडून विरळ जागेकडे का जातो? क्लासमध्ये मी यासाठी आंधळी कोशिंबीर सांगते. दांडिया बाजारच्या जुन्या वाड्यातल्या दोन खोल्या समजा, मधे एक दार, उघडं. एका खोलीत डोळे बांधलेली पन्नास मुलं, दुसरीत पाच. सगळी चाचपडत फिरतायत, दार कुठे आहे कुणालाच माहीत नाही. थोड्या वेळाने काय होईल? पन्नासवाल्या खोलीतून दारातून बाहेर पडणारी मुलं जास्त असणार, कारण मुळात दाराशी धडकणारी मुलंच तिथे जास्त आहेत, आणि पाचवाल्या खोलीतून इकडे येणारं एखादंच. एकाही मुलाला "तिकडे जायचंय" असं वाटत नव्हतं तरी खोल्या साधारण सारख्या भरतात. आणि सारख्या भरल्यावर खेळ थांबतो का? नाही. मुलं तशीच फिरत असतात, जितकी जातात तितकीच येतात, म्हणून आकडा हलत नाही इतकंच.

हेच डिफ्यूजन, आपल्या मराठी पुस्तकात विसरण. फरक जितका मोठा तितकं जाणं जोरात, फरक कमी झाला की मंद. हे गणितात बसवलं अडॉल्फ फिक या जर्मन डॉक्टरने, 1855 मध्ये. एक गोष्ट मात्र मुलांच्या परीक्षेत नेहमी चुकते: समतोल झाला म्हणजे हालचाल थांबली असं ती लिहितात. हालचाल थांबत नाही हो, फरक संपतो.

आता मधे भिंत घाला. पेशीची भिंत म्हणजे मेंब्रेन, पुस्तकात प्रद्रव्यपटल म्हणतात, जाडी 5 ते 10 नॅनोमीटर. म्हणजे वहीच्या एका कागदाच्या जाडीत अशी दहा हजाराहून जास्त पटलं एकावर एक मावतील. बनलेली कशाची? मुख्यत्वे स्निग्ध पदार्थाची. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी अर्नेस्ट ओव्हर्टन नावाचा माणूस एकामागून एक पदार्थ वनस्पतींच्या पेशींवर घालून बघत होता की कुठला चटकन आत जातो आणि कुठला नाही, आणि त्याला दिसलं की तेलात जे सहज विरघळतं ते सहज आत जातं. त्यावरून त्याने ओळखलं की ही भिंत तेलकट असणार. मग 1925 साली हॉलंडमध्ये गॉर्टर आणि ग्रेंडेल या दोघांनी रक्तातल्या लाल पेशींमधली सगळी चरबी काढून पाण्यावर पसरली, तर ती पेशींच्या पृष्ठभागाच्या बरोबर दुप्पट जागा व्यापत होती. म्हणजे थर एक नाही, दोन. (त्यांच्या मोजणीत दोन चुका होत्या ज्या एकमेकींना कापून गेल्या असं नंतर कळलं, पण निष्कर्ष खरा निघाला.)

हे दोन थर का होतात ते समजायला सोपं आहे. या स्निग्ध रेणूला एक डोकं असतं ज्याला पाणी आवडतं आणि दोन शेपट्या असतात ज्यांना पाणी नको असतं. पेशीच्या बाहेरही पाणी, आतही पाणी. मग डोकी दोन्हीकडे पाण्याशी आणि शेपट्या मधे एकमेकींत तोंड लपवून. मधला तो शेपट्यांचा पट्टा म्हणजेच खरी अडचण. त्यातून कोण जाऊ शकतं? ऑक्सिजन, कार्बन डायऑक्साइड, असे छोटे, विजेचा भार नसलेले रेणू सरळ घुसतात. अल्कोहोल जातं, काही हार्मोन्स जातात कारण तेही स्निग्धच. पण मिठातला सोडियम किंवा पोटॅशियम? ते तर चिमुकले आहेत ग्लुकोजपेक्षा, तरी अडकतात, कारण त्यांच्यावर भार असतो आणि पाण्याचे रेणू त्यांना चिकटून बसलेले असतात, तो सगळा गोतावळा सोडून तेलात शिरायला ते तयार होत नाहीत. ग्लुकोजही मोठा आणि पाण्याला धरून असलेला, तोही जवळजवळ अडकतोच.

म्हणून आकार लहान म्हणजे आत जाणारच असं समजू नका. तेलाशी पटतं का हे आधी बघायचं.

या साध्या सरळ घुसण्यावर आपला श्वास चालतो. फुप्फुसात कोट्यवधी छोटे फुगे, सगळे उलगडून पसरले तर साधारण 70 चौरस मीटर, म्हणजे साडेसातशे स्क्वेअर फूट, वाघोडिया रोडला जे दोन बेडरूमचे फ्लॅट मिळतात त्यातल्या एखाद्याइतका कारपेट एरिया. आणि हवा आणि रक्त यांच्यामधला पडदा अर्धा मायक्रॉनच्या आसपास, केसाच्या जाडीच्या शंभराव्या हिश्श्याहून पातळ. लाल पेशी या फुग्यांभोवतीच्या केसासारख्या बारीक रक्तनळीतून, म्हणजे केशवाहिनीतून, जाते तेवढ्यात तिला पाऊण सेकंद मिळतो, आणि ऑक्सिजन त्यातल्या पाव सेकंदातच भरून होतो. कुणी पंप मारत नाही. छाती हवा आत घेते ते वेगळं, त्याला स्नायू लागतात, पण हवेतून रक्तात जाण्याचा जो शेवटचा टप्पा आहे तो निव्वळ आंधळी कोशिंबीर आहे.

इथे एक गोष्ट मला फार सुंदर वाटते म्हणून थांबते. डिफ्यूजन जवळच्या अंतराला विजेसारखं असतं आणि लांबच्या अंतराला कासवाच्याही मागे. अंतर दुप्पट केलं की वेळ चौपट, दहापट केलं की शंभरपट. ऑक्सिजनसारखा छोटा रेणू पाण्यात 10 मायक्रॉन, म्हणजे साधारण एका पेशीइतकं अंतर, सेकंदाच्या विसाव्या भागात जातो. एक सेंटिमीटर जायला त्याला साधारण 14 तास लागतील. एक मीटर? सोळा वर्षं. सोळा! म्हणून पेशी लहान असतात, म्हणून शरीरात रक्ताची वाहतूक लागते, आणि म्हणूनच शरीरातली जवळपास कुठलीही जिवंत पेशी कुठल्या ना कुठल्या केशवाहिनीच्या अगदी अंगाला लागून असते. हृदय पदार्थ दारापर्यंत आणून देतं, दारातून आत मात्र ते आपले आपण जातात.

(आणि म्हणून खालच्या मजल्यावर फोडणी दिली की वरच्या मजल्यावर वास येतो ते डिफ्यूजनचं उदाहरण म्हणून देऊ नका, बरीच पुस्तकं देतात. तिथे हवेचे झोत काम करतात. नुसत्या डिफ्यूजनवर वास यायचा तर तोवर जेवणं आटोपतील.)

आता पाणी. आणि परत कैरी.

पाण्याचा रेणू छोटा आहे, त्या तेलकट पट्ट्यातून थोडं थोडं झिरपतो, पण काही पेशींत पाणी इतक्या भराभर जातं-येतं की नुसत्या झिरपण्याने ते शक्य नाही असं वर्षानुवर्षं लोकांना वाटत होतं. खास दार असणार, पण दार सापडत नव्हतं. पीटर ॲग्रे हे अमेरिकन शास्त्रज्ञ खरं तर लाल पेशींवरच्या रक्तगटाच्या प्रोटीनवर काम करत होते, त्यात एक अनोळखी प्रोटीन सारखं मधे यायचं. ते कशाचं हे बघायला त्यांच्या टीमने बेडकाच्या अंड्यांना ते प्रोटीन बनवायला लावलं आणि अंडी साध्या, क्षार कमी असलेल्या पाण्यात सोडली. साधी अंडी तशीच राहिली. ज्यांच्यात हे प्रोटीन होतं ती फुगली आणि फुटली. 1992 सालची ही गोष्ट, त्या दाराला नाव दिलं ॲक्वापोरिन, आणि 2003 मध्ये त्यांना नोबेल मिळालं. एका ॲक्वापोरिनमधून सेकंदाला साधारण 300 कोटी पाण्याचे रेणू जातात, एकामागून एक, रांगेत. दार उघडं असतं इतकंच, ढकलणारं कुणी नाही, कुठल्या बाजूने जास्त जायचं ते दोन्हीकडच्या पाण्यावर ठरतं.

ते कसं ठरतं? परत वाड्याच्या दोन खोल्या घ्या. या वेळी मुलं म्हणजे पाणी. एका खोलीत नुसती मुलं. दुसऱ्या खोलीत मुलं आहेत पण मधे मधे मोठ्या लोखंडी पेट्या ठेवल्यात ज्या दारातून जाऊच शकत नाहीत, त्या पेट्या म्हणजे साखर. पेट्यांच्या खोलीत दाराशी धडकणारी मुलं कमी, कारण जागा पेट्यांनी अडवलीय आणि काही मुलं पेट्यांनाच धरून बसलीयत. पेट्या नसलेल्या खोलीतून पलीकडे जाणारी जास्त, परत येणारी कमी. एकूण बेरीज काय, तर मुलं पेट्यांच्या खोलीत वाढत जातात. पेटीने एकालाही हाक मारलेली नाही. बाहेरून बघणाऱ्याला मात्र वाटतं पेट्यांनी मुलं ओढली. पेट्या-मुलांचं चित्र काटेकोर गणिताला पुरत नाही, ते मी मुलांनाही सांगते, पण दिशा बरोबर दाखवतं.

हेच ऑस्मोसिस, परासरण. पहिल्यांदा नीट पाहिलं ते झाँ-आंतुआन नोले या फ्रेंच माणसाने 1748 मध्ये, भांड्यात दारूचा अर्क भरून तोंडाला डुकराचं मूत्राशय बांधलं आणि भांडं पाण्यात बुडवलं, तर पातळ कातडं फुगून टम्म झालं, पाणी आत शिरत होतं.

तर कैरीच्या किसाच्या प्रत्येक पेशीत पाणी आहे, बाहेर सव्वा किलो साखर. किसाच्या ओल्या अंगावर साखर थोडी विरघळली की बाहेर घट्ट पाक तयार होतो, एकदम पातळ थर, पण घट्ट. आतलं पाणी बाहेर जास्त जातं, बाहेरचं आत कमी येतं. पेशी आतून आकसते, तिचं पटल बाहेरच्या टणक भिंतीपासून (ही वेगळी, वनस्पतीच्या पेशीला पटलाच्या बाहेरून असते ती) सुटून आत गोळा होतं, आणि बाहेर रस. सासूबाई म्हणतात तसं, पाणी सुटतं. हा शब्द किती नेमका आहे बघा. आपण म्हणतो काकडीला पाणी सुटलं, कोशिंबिरीत मीठ आयत्या वेळी घाला नाहीतर पाणी सुटेल. कुणी म्हणत नाही की मिठाने काकडीचं पाणी काढून घेतलं. पाणी आधीच सुटायला बसलेलं होतं, येत-जात होतंच, मिठाने फक्त परतीची वाट विरळ केली.

छुंदा वर्षभर टिकतो तोही यामुळेच. त्यात पडलेल्या बुरशीच्या किंवा जंतूच्या पेशीचंही पाणी सुटतं. कोरडा डाव का हवा, ओला हात का नको, ते इथे कळतं: थेंबभर पाणी पडलं तर तेवढ्या जागी पाक पातळ होतो आणि तिथे बुरशीला जगता येतं. कुंडीतल्या तुळशीला हौसेने मूठभर युरिया घातला की दोन दिवसांत पानं करपतात, आपण म्हणतो रोप जळलं, तिथेही मुळांभोवतीचं पाणी इतकं खारट होतं की मुळातलंच पाणी बाहेर सुटायला लागतं. माझी एक तुळस अशी गेलीय, तेव्हापासून मी चिमूटभरच घालते.

उलट बाजूही तितकीच महत्त्वाची. रक्ताची लाल पेशी साध्या पाण्यात टाकली तर पाणी आत शिरत राहतं आणि तिला वनस्पतीसारखी टणक भिंत नाही, म्हणून ती फुटते. सलाइनच्या बाटलीवर 0.9 टक्के लिहिलेलं असतं ना, लिटरला 9 ग्रॅम मीठ, तो आकडा रक्ताशी जुळवलेला आहे, पेशी फुगूही नये, आकसूही नये. साधं पाणी शिरेत कधीच देत नाहीत ते याच कारणाने.

आणि हो, फार वेळ पाण्यात राहिलं की बोटांना सुरकुत्या पडतात ते ऑस्मोसिस नाही. त्या बोटाची नस तुटलेली असेल तर सुरकुत्या पडत नाहीत, म्हणजे ते नसांचं काम आहे, आतल्या रक्तवाहिन्या आकसतात म्हणून. हा प्रश्न दरवर्षी कुणीतरी विचारतंच.

आता बाबांचं. दोन वर्षांपूर्वी त्यांच्या किडन्या थकल्या आणि डायलिसिस सुरू झालं. पहिल्या दिवशी आम्ही चार तासांच्या तयारीने डबा-बिबा घेऊन गेलो होतो आणि त्यांनी दोनच तासांत मशीन बंद केलं. भाऊ जरा चिडलाच, पैसे पूर्ण आणि काम अर्धं का म्हणून. टेक्निशियन भाईंनी शांतपणे सांगितलं, "पहेली वार छे ने, धीमे धीमे लईशुं." बडोद्यात सगळी महत्त्वाची वाक्यं आपल्याला गुजरातीतच ऐकायला मिळतात. तेव्हा मला त्याचं कारण लगेच उमगलं नाही, घरी येऊन विचार केला तेव्हा अंगावर काटा आला. शरीरात तयार होणारा युरिया किडन्या एरवी लघवीतून बाहेर टाकतात; तो महिनोन् महिने साठलेला युरिया बाबांच्या रक्तात होता आणि मेंदूच्या पेशींतही होता. मशीन रक्तातला युरिया भराभर काढतं, मेंदूतला मात्र सावकाश निघतो. म्हणजे थोडा वेळ मेंदू युरियाने दाट आणि रक्त विरळ. मग पाणी कुठे जाणार? मेंदूत. कवटी काही फुगत नाही. डोकं दुखणं, उलट्या, जास्त झालं तर झटके. म्हणून पहिल्या वेळी मुद्दाम कमी वेळ, रक्त मंद, हळूहळू. तो माणूस अर्धं काम करत नव्हता, बाबांचा मेंदू सांभाळत होता. भावाला मी हे छुंद्याच्या पातेल्यावरून समजावलं, तेव्हा तो गप्प झाला आणि पुढच्या खेपेला त्या भाईंसाठी लीलो चिवडो घेऊन गेला.

डायलायझर म्हणजे साधारण फूटभर लांबीचं पारदर्शक प्लॅस्टिकचं नळकांडं. आत केसासारख्या पोकळ नळ्या, दहा हजाराच्या आसपास, पांढऱ्या दोऱ्याच्या लडीसारख्या दिसतात आणि रक्त शिरलं की सगळी लड हळूहळू लाल होत जाते. नळ्यांच्या आतून रक्त, बाहेरून उलट दिशेने एक खास द्रव. उलट दिशेने का, तर टोकापासून टोकापर्यंत दोघांत फरक टिकून राहावा म्हणून. एकाच दिशेने वाहिले तर अर्ध्या वाटेतच सारखे होऊन बसतील. आणि त्या द्रवात काय काय किती घातलंय त्यातच सगळी हुशारी आहे. युरिया शून्य, म्हणून रक्तातला युरिया बाहेर. पोटॅशियम 2, बाबांचं त्या दिवशी 6 च्या घरात, म्हणून पोटॅशियम बाहेर. सोडियम जवळजवळ रक्ताइतकंच, म्हणून ते येतं-जातं पण एकूण फार बदलत नाही. बायकार्बोनेट द्रवात जास्त, म्हणून ते उलट रक्तात येतं. एकाच भिंतीतून, एकाच क्षणी, काही बाहेर जातंय आणि काही आत येतंय, प्रत्येकाचा आपापला हिशोब. दुसऱ्याशी घेणंदेणं नाही. प्रोटीन मोठं, ते छिद्रातून जात नाही. मिनिटाला अर्धा लिटर द्रव धरला तर चार तासांत 120 लिटर होतं, एका माणसाच्या एका खेपेचं.

अंगात साठलेलं जास्तीचं पाणी मात्र मशीन दाबाने काढतं, तिथे पंप लागतो. पोटातून जे डायलिसिस करतात, घरी पिशव्या लावून, त्यात ते पाणी ग्लुकोजच्या जोरावर सुटतं. म्हणजे तिथे पुन्हा छुंदाच.

डायलिसिस हा शब्द थॉमस ग्रॅहम या स्कॉटिश केमिस्टने 1861 मध्ये काढला, पण माणसाला खरोखर उपयोगी पडलेलं पहिलं मशीन दुसऱ्या महायुद्धात, जर्मनांच्या ताब्यातल्या हॉलंडमध्ये, विलेम कोल्फ या तरुण डॉक्टरने 1943 मध्ये बनवलं. सामान मिळत नव्हतं. सॉसेजला गुंडाळायची सेलोफेनची नळी घेतली, लाकडी पट्ट्यांच्या पिंपाभोवती गुंडाळली आणि पिंप द्रवात फिरवलं. पहिले पेशंट गेले, एकामागून एक. 1945 मध्ये 67 वर्षांची एक बाई शुद्धीवर आली आणि जगली. बाबांना मी ही गोष्ट मशीनवर असताना सांगितली होती, त्यांनी डोळे मिटूनच विचारलं, "आधीच्या लोकांनी हिंमत केली म्हणून ना?" मी हो म्हणाले.

एक फरक लक्षात ठेवा, डायलायझरची भिंत म्हणजे नुसती गाळणी, छिद्रात बसलं तर गेलं. पेशीची भिंत त्याहून फार वरची. तिच्यात प्रोटीनची दारं आहेत आणि प्रत्येक दाराची ओळख वेगळी. पोटॅशियमचं दार सोडियमला सोडत नाही, सोडियम आकाराने लहान असूनही! ते कसं, हे रॉडरिक मॅकिनन यांनी 1998 मध्ये दाराची रचनाच दाखवून उलगडलं: दाराच्या आत ऑक्सिजनचे अणू अशा अंतरावर बसलेत की पोटॅशियमला चिकटलेलं पाणी सुटलं तरी त्याच्या जागी ते ऑक्सिजन अलगद धरतात. सोडियमला ती मिठी सैल पडते, मग तो आपलं पाणी सोडायला तयार होत नाही. ॲग्रेंच्या बरोबरीने 2003 चं नोबेल त्यांनाच होतं.

ग्लुकोजचं दार आणखी वेगळं, ते बोगद्यासारखं उघडं नसतं. एका बाजूने ग्लुकोज धरतं, स्वतः वळतं, दुसऱ्या बाजूला सोडतं. तरी ऊर्जा खर्च होत नाही, दाटीकडून विरळ बाजूलाच जातं, म्हणून हेही पॅसिव्हच, म्हणजे आपोआप होणारं. पण अशा दारांची संख्या ठरलेली, सगळी गुंतली की बाहेर ग्लुकोज कितीही वाढवा, वेग वाढत नाही, एसटी डेपोत खिडक्या चार असतील तर रांग लांबली म्हणून तिकिटं जास्त भराभर निघत नाहीत तसं. स्नायूंच्या आणि चरबीच्या पेशींत ही दारं एरवी बरीचशी आतच ठेवलेली असतात. जेवल्यावर इन्सुलिन येतं, आणि दारं भिंतीवर आणून बसवली जातात. डायबेटिसमध्ये इन्सुलिन नाही, किंवा आहे पण पेशी त्याचं ऐकत नाही; साखर बाहेर रक्तात भरपूर आणि स्नायूच्या दारात दारच नाही. आणि पेशी आत आलेल्या ग्लुकोजला लगेच फॉस्फेट चिकटवते, मग ते त्या दाराला ओळखू येत नाही, परत जात नाही, आणि आत मोकळं ग्लुकोज कमीच राहतं म्हणून पुढचं येत राहतं.

आणि हे सगळं फुकट चालतं म्हणताना एक कर्ज सांगायला हवं. पेशीत पोटॅशियम जास्त, बाहेर सोडियम जास्त, हा फरक कुणीतरी राखावा लागतो. त्यासाठी पंप आहेत, तीन सोडियम बाहेर आणि दोन पोटॅशियम आत, दिवसरात्र, आणि आपण खातो त्यातला मोठा वाटा त्यावर जातो. पंप थांबले की दारं, भिंत सगळं जागेवर असून फरक हळूहळू मिटतो. सगळं सारखं झालेली पेशी म्हणजे मेलेली पेशी.

छुंद्यात शेवटी तेच होतं. पहिल्या दिवशी कीस खाऊन बघा, बाहेर पाक गोड आणि कीस चावला की आत कच्ची आंबट कैरी, साखर आत गेलेलीच नसते, भिंत अजून तिला अडवून आहे. मग पातेलं रोज अगाशीवर उन्हात, संध्याकाळी घरात, सकाळी ढवळून परत उन्हात. दोन-चार दिवसांत पेशी मरतात, पटलं फाटतात, आता अडवायला कुणी नाही, साखर आत आणि आंबटपणा बाहेर, दोन्ही आपापल्या दाटीकडून विरळ बाजूला. आधी पाणी सुटलं, आता मुरायला लागलं. सासूबाईंना पेशी-बिशी माहीत नाही पण दोन वेगळ्या गोष्टींना दोन वेगळे शब्द त्यांच्याकडे आहेत, आणि ते मी आता क्लासमध्ये वापरते.

आठव्या-नवव्या दिवशी भाचीने डावातून एक कीस बोटावर घेऊन उन्हाकडे धरला. पहिल्या दिवशी पांढरट, अपारदर्शक होता, आता काचेसारखा, मधल्या हवेच्या पोकळ्यांत पाक भरला होता आणि पलीकडचं ऊन दिसत होतं. पाकाची तार बघून सासूबाई म्हणाल्या, "झाला. तिखट आणि जिरं घाला आता." बाबांसाठी वेगळी वाटी काढली नाही, त्यांना मीठही नको आणि साखरही नको. त्यांनी हुंगून घेतला फक्त.